लाल दिवा लुकलुकत होता

मंगळवार, रात्र

माझी भाची माहितीपट करते. घरात तिला चिमी म्हणतात, इथेही तेच चालवतो. ती नक्की काय करते हे, बँकेत ३६ वर्षं काढून निवृत्त होईपर्यंत, मला धड सांगता येत नव्हतं. लग्नामुंजीत कुणी विचारलं की आमची ताई, म्हणजे तिची आई, "फिल्म लाइनमध्ये आहे" म्हणायची. पुढचा प्रश्न ठरलेला: "कुठल्या मालिकेत?" मग ताईला स्वयंपाकघरात काहीतरी काम आठवायचं.

एप्रिलच्या शेवटी चिमीचा फोन आला. "मामा, तुझे हात थरथरतात का रे?" नाही म्हटलं. "आणि ऐकू नीट येतं?" तिच्या साउंडवाल्याला कावीळ झाली होती, दुसऱ्याला द्यायला पैसे नव्हते, आणि गोव्यातली मिठागरं पहिल्या पावसाबरोबर बंद होतात. "सहा दिवसांचं काम आहे. जेवणखाण, प्रवास माझा. आणि व्हाउचरं तूच सांभाळ." या शेवटच्या वाक्यावर मी तयार झालो.

ठाण्याला मध्यरात्रीच्या सुमाराला कोकणकन्या आली तेव्हा फलाटावर आमचे सामानाचे नऊ डाग होते. प्रत्येकावर पांढऱ्या रंगात आकडा. "मोजून चढव, मोजून उतरव," एवढीच सूचना. टीसीनं बर्थखाली वाकून पाहिलं आणि विचारलं, "काय आहे हे सगळं? तुम्ही काय करता?"

"लग्नाचं शूटिंग," चिमी म्हणाली.

तो गेल्यावर मी म्हटलं, खोटं कशाला बोलायचं? ती उशी फुगवत म्हणाली, "खोटं कुठे? तीन सीझन लग्नांचं एडिटिंग केलंय मी. विहिणींची भांडणं कापण्यात माझा हात धरणारं कुणी नाही."

बुधवार

सकाळी रत्नागिरी मागे पडल्यावर जाग आली. खिडकीतून बोगदा, हिरवळ, बोगदा. चहा पिताना मी जरा खोदून विचारलं, आणि पहिल्यांदाच तिचा सगळा प्रवास ओळीनं ऐकला. पुण्यात पत्रकारितेचा कोर्स. मग एका दिग्दर्शकाकडे वर्षभर 'लॉगिंग': म्हणजे दुसऱ्यानं चित्रित केलेलं सगळं फुटेज बघत बसायचं आणि कितव्या मिनिटाला कोण काय बोललं ते लिहून काढायचं. हे काम कुणालाच नको असतं. ती म्हणते, कॅमेरा कसा धरू नये हे ती तिथेच शिकली. मग सबटायटल्स. मग एकदा एका शूटवर साउंडवाला आलाच नाही म्हणून हिच्या हातात माइकचा बूम दिला, आणि पुढची चार वर्षं ती 'साउंडवाली' झाली. मग संस्थांच्या वार्षिक अहवालांच्या फिल्मांचं संकलन. मग परदेशातून येणाऱ्या युनिटांसाठी लाइन प्रोड्युसर, म्हणजे त्यांची इथली सगळी व्यवस्था बघणारी. यातून उरलेल्या पैशांत आणि दिवसांत स्वतःचं काम.

"म्हणजे तुझा हुद्दा काय?" मी विचारलं. बँकेत माणूस क्लार्क असतो किंवा ऑफिसर असतो, मधलं काही नसतं.

तिनं सावेदादांचं नाव काढलं. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, मुंबईत फोटोचा धंदा करणारे. १८९९ साली हँगिंग गार्डनमध्ये त्यांनी एक कुस्ती कॅमेऱ्यात पकडली. १९०१ साली रँग्लर परांजपे केंब्रिज गाजवून परत आले, त्यांचं स्वागतही त्यांनीच टिपलं. "कॅमेरा त्यांचा, पैसे त्यांचे, दाखवायचे खेळही त्यांचे. त्यांचा हुद्दा काय होता?" फाळक्यांकडे तरी काय वेगळं होतं? लंडनहून कॅमेरा आणल्यावर त्यांनी पहिल्यांदा काय टिपलं असेल, तर कुंडीतल्या वाटाण्याला फुटणारा अंकूर. आणि त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई फिल्मच्या पट्टीला भोकं पाडायच्या, ती धुवायच्या, शिवाय युनिटचा स्वयंपाक करायच्या. "त्यांचं नाव कुठल्या हुद्द्याखाली टाकायचं, सांग." मी चहाचा कप खिडकीत ठेवला. मला उत्तर सुचलं नाही, पण सरस्वतीबाईंना ओव्हरटाइम मिळायला हवा होता एवढं नक्की वाटलं.

थिवीला उतरलो. नऊ डाग. गाडीवाला म्हापशाचा, बडबड्या. शिवोलीच्या पुलावरून शापोरा नदी ओलांडली की पेडणे तालुका लागतो. मोरजीकडे वळणारे पर्यटक डावीकडे गेले, आम्ही सरळ आगरवाड्याला. गावाच्या नावातच आगर, म्हणजे मिठागर, आहे.

मला वाटलं होतं उतरल्या उतरल्या शूटिंग सुरू होईल. गाडीचं दिवसाचं भाडं लागू झालं होतं. चिमीनं कॅमेऱ्याची पेटी उघडलीसुद्धा नाही. ज्यांच्या मिठागरावर काम करायचं त्या आजोबांच्या ओसरीवर आम्ही तीन तास बसलो. पाणी प्यायलो, शहाळं प्यायलो, पुन्हा पाणी प्यायलो. आजोबांचं वय ऐंशीच्या आसपास, अंगात गंजी, पाय घोट्यापर्यंत पांढुरके आणि भेगाळलेले. घरात मराठी पेपर येतो, भिंतीवर भजनी स्पर्धेची फ्रेम. बोलताना कोकणी आणि मराठी एकाच वाक्यात. त्यांनी चिमीला विचारलं, "बाय, तू टीव्हीवाली?"

"नाही आजोबा. तुमच्याकडे मीठ कसं करतात ते शिकायला आलेय."

"शिकून करतलें कितें? आमची पोरां शिकूंक ना." एवढं बोलून ते हसले, पण सुनेनं खाली पाहिलं. मुलगा पणजीला नोकरीला आहे हे नंतर कळलं.

रात्री मी हिशेबाच्या वहीत लिहिलं: 'गाडी पूर्ण दिवस, काम शून्य.' चिमीनं ते वाचलं आणि 'शून्य' खोडलं. म्हणाली, पहिल्या दिवशी कॅमेरा काढला की लोक कॅमेऱ्याशी बोलतात, आपल्याशी नाही. मग भिंतीवर एक कागद चिकटवला. मला वाटलं वेळापत्रक असेल. भरती-ओहोटीचा तक्ता होता. आमचे कॉलटाइम, म्हणजे कामावर हजर व्हायच्या वेळा, घड्याळावर नव्हते, समुद्रावर होते. भरती रोज साधारण ५० मिनिटं पुढे सरकते, आणि अमावास्या तोंडावर आल्यामुळे उधाण मोठं असणार होतं.

गुरुवार

पहाटे सव्वापाच. अंधारात बांधावरून चालताना एका बाजूला खाडी, दुसऱ्या बाजूला चौकोनी वाफे, आणि माझ्या खांद्यावर बूम. बूम म्हणजे लांब काठी, टोकाला माइक, माइकवर वाऱ्यासाठी केसाळ टोपडं. दिसायला मेलेलं मांजर.

मिठागर जवळून पाहिलं नसेल तर सांगतो. बांधाला एके ठिकाणी मानस असते, म्हणजे पाण्याचा दरवाजा. भरतीला खारं पाणी आत घ्यायचं, मोठ्या वाफ्यात तापू द्यायचं, मग त्यापेक्षा उथळ वाफ्यात सोडायचं, मग त्याहून उथळ. समुद्राच्या लिटरभर पाण्यात साधारण ३५ ग्रॅम क्षार असतात. ऊन आणि वारा मिळून पाणी उडवतात आणि खारटपणा सात-आठ पट झाला की मीठ धरायला लागतं. यंत्र कुठेच नाही. तळाची चिकणमाती पायांनी तुडवून तुडवून फरशीसारखी केलेली असते, आणि सगळी कारागिरी तिथेच आहे. तळ कच्चा राहिला की मिठात चिखल येतो.

आजोबा वाफ्यात उतरले. लांब दांड्याच्या लाकडी फळीनं त्यांनी पाण्याखालचं मीठ ओढायला सुरुवात केली. मी कानाला हेडफोन लावलेले होते, आणि तेव्हा जो आवाज आला तो अजून डोक्यात आहे: ओल्या साखरेतून चमचा फिरवावा तसा, पण खोल, आणि मध्येच काच घासल्यासारखा. हेडफोन काढला तर काहीच ऐकू येत नव्हतं. आजोबा वीस फुटांवर होते. पुन्हा लावला, पुन्हा आवाज. ३६ वर्षं नोटा मोजायच्या यंत्राशेजारी बसलेल्या माणसाला हे काय वाटलं असेल ते कसं सांगू.

सूर्य वर आल्यावर चिमीची खरी लढाई सुरू झाली. मिठाचे ढीग इतके पांढरे की कॅमेऱ्याला नुसता भगभगीत ठिपका दिसतो. तिच्या स्क्रीनवर जिथे प्रकाश हाताबाहेर जातो तिथे काळ्यापांढऱ्या तिरक्या रेघा नाचतात, त्याला झेब्रा म्हणतात. तिनं लेन्सवर काळी काच चढवली, झेब्रा गेला. आजोबांचा चेहरा काळवंडला. काच बदलली, झेब्रा आला. शेवटी ती गुडघाभर पाण्यात उतरून उलट्या बाजूनं उभी राहिली आणि मिठाचाच उजेड त्यांच्या चेहऱ्यावर पडू दिला. छत्री नाही, दिवा नाही. मिठाचा ढीगच रिफ्लेक्टर. मी बूम घेऊन बांधावर उभा होतो. माझी सावली फ्रेममध्ये येते म्हणून मला चार वेळा हलवण्यात आलं.

दुपारी घरात मुलाखत. इथे माझी फजिती झाली, ती आता लिहितोच.

आधी तयारी. चिमीनं पंखा बंद केला. ट्यूबलाइटमुळे चित्र थरथरू नये म्हणून शटर १/५० सेकंदावर आणलं (आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणून भारतात सेकंदाला २५ फ्रेम आणि १/५० हे गणित जमतं, असं तिनं मला जाता जाता शिकवलं). मग फ्रिज बंद केला, कारण कॉम्प्रेसरची घरघर माइकला वाघासारखी ऐकू येते. आणि गाडीवाल्याकडून गाडीच्या किल्ल्या मागून घेऊन फ्रिजमध्ये ठेवल्या. मी बघत राहिलो. "काम संपल्यावर फ्रिज पुन्हा चालू करायचा विसरलो तर यांचे मासे नासतील," ती म्हणाली. "किल्ल्यांशिवाय आपण घरी जाऊ शकत नाही. म्हणजे विसरणार नाही." बँकेत आम्ही तिजोरीला दोन किल्ल्या दोन माणसांकडे ठेवायचो, त्यामागची अक्कल यापेक्षा फार वेगळी नव्हती.

आजोबा बोलायला लागले. पहिली पाच मिनिटं अडखळत, मग सुटले. ज्या वर्षी त्यांचं लग्न ठरलं त्या वर्षी वैशाखातच पाऊस आला. वाफ्यातलं मीठ गेलं, बांधावर रचलेले ढीगही विरघळले. वडिलांनी कर्ज काढून लग्न लावलं. आणि मग ते म्हणाले, "आमच्या लग्नाच्या जेवणाक मीठ विकत हाडलें." मिठागरवाल्याच्या घरच्या लग्नात विकतचं मीठ. सून दारात उभी होती, तिनंही ही गोष्ट पहिल्यांदा ऐकली असावी.

तेवढ्यात बाहेर पोदेर आला. सायकलला पावांची टोपली आणि रबरी भोंगा, पों पों. चिमीनं हात वर केला, सगळे थांबले. पोदेर गेला, तर मोपाला उतरणारं विमान आलं. तेही गेलं. तिनं रेकॉर्डरकडे पाहिलं आणि माझ्याकडे वळली. आवाज अगदी हळू.

"मामा, लाल दिवा स्थिर आहे की लुकलुकतोय?"

लुकलुकत होता. या यंत्राचं बटण एकदा दाबलं की ते फक्त तयारीत राहतं. दिवा लुकलुकतो, हेडफोनमध्ये आवाज स्वच्छ येतो, आणि नोंद काहीच होत नाही. दुसऱ्यांदा दाबल्यावर दिवा स्थिर होतो. तिनं मला हे ट्रेनमध्ये दोनदा सांगितलं होतं. अकरा मिनिटं गेली होती, लग्नाच्या मिठासकट.

ती ओरडली नाही. आजोबांना म्हणाली, "चहा घेऊया का जरा?" आणि मला बाहेर नेऊन म्हणाली की कॅमेऱ्याच्या स्वतःच्या माइकवर काहीतरी आलं असेल. रात्री ऐकलं. आलं होतं, विहिरीतून बोलल्यासारखं. मी म्हटलं, उद्या पुन्हा विचार ना त्यांना. "तीच गोष्ट दुसऱ्यांदा सांगताना माणूस ती नीट करून सांगतो," ती म्हणाली. "नीट केलेली मला नको."

या सगळ्यात गाडीवाला अर्धा तास अंगणात किल्ल्या शोधत होता.

शुक्रवार

म्हापशाचा बाजार. शुक्रवार म्हणजे गर्दी: मानकुराद आंबे, मयड्याची केळी, सुक्या मासळीचा वास, आणि कोपऱ्यात गोणीवर बसून जाड्या मिठाची रास विकणाऱ्या बायका. चिमीनं आज छोटा कॅमेरा काढला होता आणि पिशवीत संमतिपत्रांचा गठ्ठा. संमतिपत्र मराठीत छापलेलं, मोठ्या अक्षरात. मी बँकेची कर्जपत्रं आयुष्यभर लोकांच्या सह्यांसाठी पुढे सरकवली, कधी वाचून दाखवली नाहीत. ही पोरगी प्रत्येकीला वाचून दाखवत होती. एकीनं विचारलं, "तुम्ही फूड इन्स्पेक्टर नव्हे मगो?" प्रश्न उगाच नव्हता. २००६ पासून आयोडीन नसलेलं मीठ खाण्यासाठी म्हणून विकता येत नाही. म्हणून आगराचं मीठ कागदोपत्री माडाच्या बुंध्याला, मासळी खारवायला, कैऱ्या मिठात घालायला जातं. घरोघरी हुमणात, म्हणजे माशांच्या कालवणात, कुठलं पडतं हे विचारायला आम्ही गेलो नव्हतो. चिमी तिला म्हणाली, "नाही मावशी, मी रिसर्चर." मावशीचं समाधान झालं की नाही कोण जाणे, पण तिनं सही केली आणि मला दोन किलो मीठ विकलं.

आंबे घेतले. व्हाउचर नाही, स्वखर्च.

शनिवार

आज बांधावर काम कमी आणि फोन जास्त. कुठल्याशा परदेशी युनिटला पुढच्या महिन्यात कोकणपट्टीत शूट करायचं होतं. मिठाच्या ढिगाला टेकून, डोक्यावर टॉवेल घेऊन चिमी दोन तास इंग्रजीत परवानग्या, गाड्या, मुक्काम, विमा, ड्रोनचं काय ते बोलत होती. ड्रोनसाठी आधी नकाशा बघावा लागतो. गोव्यात दाबोळीला नौदलाचा तळ आणि वर मोपाचा विमानतळ, त्यामुळे कुठेही उडवून चालत नाही. तिचा आवाजच वेगळा झाला होता. ठाम, घाईचा, जरा कडक. हाच आवाज ती आजोबांशी बोलताना कधीच काढत नाही.

फोन ठेवल्यावर तिनं त्या कामाचा दर सांगितला. मी दोनदा विचारलं. मग म्हटलं, तू हेच पूर्णवेळ का करत नाहीस?

तिनं लॅपटॉप उघडून मला या फिल्मचं बजेट दाखवलं. व्हाउचरं माझ्याकडे असल्यामुळे मला ते बघायचा हक्कच होता. दिग्दर्शन, संशोधन, छायाचित्रण, ध्वनी, संकलन, निर्मिती व्यवस्थापन, सबटायटल्स: सात ओळी, त्यातल्या सहांपुढे हिचंच नाव. प्रत्येकीपुढे रक्कम व्यवस्थित लिहिलेली, बाजारभावानं. आणि शेवटच्या रकान्यात सहाही ठिकाणी 'सध्या नाही'.

"हे काय आहे?" मी विचारलं. "येणी की बुडीत?"

"भागभांडवल," ती म्हणाली. "निधी देणारे विचारतात, तुम्ही किती घातलेत. मी हे दाखवते."

एका ओळीवर मी अडलो. छायाचित्रण तू करतेस, संकलन तू, ध्वनीही तुला येतो. मग सगळंच तुला येत असेल तर चांगल्या माणसाला बोलवायचं कशाला? ती जरा चिडली. तिचं म्हणणं असं की चांगला कॅमेरामन असता तर गुरुवारी मिठाच्या उजेडाचं तिच्या आधी त्याला सुचलं असतं, आणि ती आजोबांकडे बघत बसली असती. एकाच माणसानं सगळं करणं ही कौतुकाची गोष्ट नाही, पैशांची आहे. "सावेदादांची गोष्ट मी निधी मागताना सांगत नाही," ती म्हणाली. "लगेच म्हणतील, बघा, एकट्यानं होतं की!" बुधवारी ट्रेनमध्ये मला सावेदादा ऐकवणारी हीच होती. पण मी तो मुद्दा काढला नाही.

रात्री साडेनऊला वारा पडला. दहाला पहिला थेंब. कौलांवर आधी ताडताड, मग एकसारखा. चिमी दारात उभी राहिली. मला वाटलं कॅमेरा काढेल. काढला नाही.

रविवार

पहाटे बांधावर गेलो. ढिगांवर झावळ्या घातलेल्या होत्या, रात्रीच आजोबा आणि सून येऊन घालून गेले असणार. झाकलेलं बरंचसं वाचलं होतं. वाफ्यातलं गेलं होतं. कालपर्यंत जिथे पायाखाली करकर वाजायचं तिथे नुसतं पाणी, आणि पाण्यात ढगांची सावली.

आजोबा मानशीपाशी उकिडवे बसले होते. आम्हाला पाहून त्यांनी मान हलवली, बोलले नाहीत. चिमीनं कॅमेरा पिशवीतच ठेवला आणि मला खूण केली: फक्त आवाज घे.

बटण एकदा दाबलं. पुन्हा दाबलं. दिवा स्थिर. मी तो तीनदा पाहिला.

ओहोटी लागली होती. आजोबांनी फळी उचलली आणि वाफ्यातलं पाणी खाडीत सोडलं. दहा मिनिटं नुसता पाण्याचा आवाज. सुरुवातीला जोरात, मग पातळ, मग फळीच्या कडेनं ठिबकणारा. शेवटी ते आमच्याकडे न बघता म्हणाले, "त्या वर्साय अशेंच." बस. पुढे काही नाही.

चिमीनं काही विचारलं नाही. नंतर जागेचा आवाज म्हणून एक मिनिट सगळ्यांनी गप्प उभं राहायचं असतं. संकलनात दोन वाक्यांमधली फट बुजवायला तो लागतो. आम्ही तिघं गप्प उभे राहिलो. कुणाला सांगावं लागलं नाही.

जाताना मी म्हटलं, गेलं ना तुझं शूट वाया? उत्तर आलं नाही. गाडीत बसल्यावर ती म्हणाली की गुरुवारचा विहिरीतला आवाज वापरता येईल, खाली सबटायटल टाकून. आणि त्याच्या नंतर हे आजचं वाक्य, काळ्या पडद्यावर, चित्राशिवाय. म्हणजे माझी चूक संकलनात बसवली गेली होती. मला त्यात मोठेपणा वाटावा की लाज, ठरवता आलं नाही.

घरी जेवायला सुनेनं बोलावलं होतं. उकडा भात, सुंगटांचं (कोळंबीचं) हुमण, सोलकढी. हुमणातलं मीठ कुठलं, ते मी विचारलं नाही.

सोमवार

पणजी. नऊ डाग गाडीत, गाडीवाला अजून किल्ल्यांवरून रुसलेला. पाटो भागातल्या कृष्णदास शामा मध्यवर्ती ग्रंथालयात सकाळ गेली. १८३२ साली स्थापन झालेलं हे ग्रंथालय आता नव्या, थंडगार इमारतीत आहे. चिमीला १८७८ चा अँग्लो-पोर्तुगीज करार हवा होता. त्या करारानं गोव्यातल्या मिठाचा ताबा इंग्रजांच्या हातात गेला आणि १८९२ पर्यंत तसाच राहिला. मुरगाव बंदराला जोडणारी रेल्वे आली तीही त्याच करारातून. मिठाच्या बदल्यात रेल्वे. काउंटरवर विचारलं, "आपण?" चिमी म्हणाली, "फिल्ममेकर." सहा दिवसांत पहिल्यांदाच हा शब्द तिच्या तोंडून ऐकला.

दुपारी मांडवीच्या काठानं चालत गेलो. जुन्या मेडिकल कॉलेजच्या इमारतीसमोर ती थांबली. २००४ पासून इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, गोव्यात भरतो, दर नोव्हेंबरात इथे सगळा मांडव असतो. मे महिन्यात वॉचमन आणि दोन कुत्री. काही वर्षांपूर्वी ती महोत्सवाच्या वेळी फिल्म बाजारात, म्हणजे फिल्मवाले पैसे देणाऱ्यांना भेटतात तिथे, आली होती, गळ्यात ओळखपत्र, हातात फाईल, एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर, मिनिटं मोजून. त्या वेळी तिच्या ओळखपत्रावर काय लिहिलं होतं, मी विचारलं.

"प्रोड्युसर. ते लिहिलं तरच लोक टेबलाशी बसू देतात."

समोरून एक फेरीबोट पलीकडे निघाली होती. चिमीनं खिशातून छोटा रेकॉर्डर काढला आणि इंजिनाचा आवाज घेतला. कशाला, म्हटलं. "लागतो कधीतरी."

संध्याकाळी करमळीला कोकणकन्या. डाग मोजले, दहा भरले. दहावी माझी आंब्यांची पेटी. गाडी सुटल्यावर चिमीनं हार्ड डिस्क काढल्या: एक तिच्या पिशवीत, एक माझ्या उशाखाली, तिसरी कपड्यांच्या बॅगेत. एकाच जागी सगळं कधीच ठेवायचं नाही. मी वही उघडून व्हाउचरं लावली. गाडी, जेवण, मुक्काम, हमाल, झेरॉक्स. सगळं जुळलं, एक चहा सोडून.

मग तिनं एक व्हाउचर माझ्यापुढे सरकवलं. 'ध्वनिमुद्रण सहाय्य, ६ दिवस, दर ५००, एकूण ३,००० रुपये मिळाले.' खाली माझं नाव.

"रेव्हेन्यू स्टॅम्प लागतो का रे याला?"

"पाच हजारांच्या वर लागतो."

"मग कर सही."

"पण मिळाले लिहिलंयस. मिळालेले नाहीत."

"मामा."

मी 'मिळाले' खोडलं, वर 'येणे' लिहिलं, खाडाखोडीशेजारी आद्याक्षरं केली आणि सही केली.